ग्रॅच्युइटीतून २,८६,४३० रुपये कापले. सहासष्टाव्या वर्षी हायकोर्टात जावं का?

निवृत्त_सहायक (रामबाग, इंदूर)

नमस्कार.

माझ्या शाळेच्या दाखल्यावर जन्मतारीख १ जुलै १९५९ आहे. आजी सांगायची की मी गौरी विसर्जनाच्या पहाटे जन्मले, म्हणजे सप्टेंबरात. पण त्या काळी शाळा १ जुलैला उघडायची. वडील नाव घालायला गेले आणि मास्तरांनी फारशी विचारपूस न करता तीच तारीख लिहून टाकली. आमच्या वर्गातल्या निम्म्या मुलांचा वाढदिवस कागदोपत्री १ जुलैच आहे. आता नियम असा की ज्याचा जन्म महिन्याच्या १ तारखेचा, तो आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्त होतो. त्यामुळे मध्य प्रदेश शासनाच्या एका खात्यातून, सहायक ग्रेड-२ म्हणून, मी ३० जून २०२१ ला निवृत्त झाले आणि १ जुलैची वेतनवाढ एका रात्रीने हुकली. काम वर्षभराचं पुरं केलं होतं. आजीची तारीख लागली असती तर तीन महिने नोकरीही जास्त झाली असती आणि वाढही मिळाली असती.

त्याबद्दल विचारायचं आहेच, पण लिहायला बसले ते दुसऱ्या गोष्टीसाठी.

नोव्हेंबर २०२१ मध्ये ग्रॅच्युइटीचा आदेश हातात आला. त्यातून २,८६,४३० रुपये वजा केलेले. मूळ १,८८,२१० आणि व्याज ९८,२२०. कारण एका ओळीचं: १ एप्रिल २००६ पासून जे दुसरं समयमान वेतनमान (बढती झाली नाही तरी ठरावीक वर्षांच्या नोकरीनंतर मिळणारी वरची वेतनश्रेणी) मिळालं, त्यात माझं वेतन एक टप्पा वर धरलं गेलं होतं आणि निवृत्तीच्या वेळी सेवा पुस्तिका तपासताना ते लक्षात आलं. आधी नोटीस नाही, विचारणा नाही. पंधरा वर्षं त्याच पुस्तिकेवर साहेबांच्या सह्या आणि शिक्के पडत होते. चूक सापडली ती मी घरी बसल्यावर पाच महिन्यांनी, आणि त्या चुकीचं व्याजसुद्धा माझ्याच माथी.

मी १९८२ ला नोकरीला लागले. शेवटची दहा वर्षं स्थापना शाखेत होते, म्हणजे लोकांची पेन्शन प्रकरणं तयार करायचं काम माझ्याकडे. किती जणांची केली ते मोजलं नाही, पण एक सवय होती. माणूस निवृत्त व्हायच्या आधी सहा महिने त्याची पुस्तिका मी घरी आणल्यासारखी उघडून बसायची. सुट्ट्यांचा हिशोब, नामांकन, पडताळणीची तुटलेली वर्षं, सगळं जोडून घ्यायचं. शिपायाची फाइल असली तर आणखी आधी, कारण त्यांना कागद गोळा करायला कोणी नसतं. त्यामुळे आदेशात आपल्या नावापुढे 'अधिक भुगतान की वसूली' हे शब्द वाचले तेव्हा काय झालं ते मला नीट सांगता येणार नाही. त्या दिवशी मी जेवले नाही एवढं आठवतं.

लगेच का गेले नाही, असं विचाराल. ह्यांचं डायलिसिस चालू होतं. २०२२ आणि २०२३ ही दोन वर्षं आठवड्यातून दोनदा दवाखाना, बाकी काही नाही. ह्यांची गिरणी फार पूर्वी बंद पडली होती. कामगारांच्या देण्याचा खटला इतकी वर्षं चालला की शेवटी पैसे आले तेव्हा हे नव्हते. दोन महिन्यांनी चुकले. म्हणून मुलगा पुण्याहून फोनवर सांगतो, "आई, सोड. कोर्टाने आपल्या घरातलं एक माणूस आधीच वाट बघत ठेवलं होतं." त्याचं चुकतं असं मी म्हणू शकत नाही.

माझे प्रश्न असे आहेत. इतक्या उशिरा याचिका घेतील का? निवृत्तीच्या कागदांबरोबर एक वचनपत्र सही करून घेतलं होतं, 'जास्त दिलं गेलं असेल तर परत करीन' असं, त्याचं काय? माझ्याबरोबरच्या तिघीजणी ३० जूनलाच निवृत्त झालेल्या आहेत, आम्ही एकत्र जावं की वेगवेगळं? आणि ज्यांनी हा रस्ता चालून बघितला आहे त्यांनी खरं सांगा, या वयात झेपतं का?


लेखापाल_लष्कर (ग्वाल्हेर)

ताई, झेपतं. मी तुमच्यापेक्षा चार वर्षांनी मोठा आहे, गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं आहे, तरी झेपलं. पेशीला, म्हणजे सुनावणीला, आपण उभं राहायचं नसतंच, वकील उभा राहतो. आपलं काम कागदाचं, आणि कागदात तुम्ही कच्च्या नाही हे वाचूनच कळतं.

माझी वसुली १,४१,००० ची होती, पगारातून नव्हे, तुमच्यासारखीच ग्रॅच्युइटीतून. २०१९ मध्ये इथल्या खंडपीठात याचिका लावली, २०२२ मध्ये आदेश झाला: वसुली रद्द, रक्कम ६ टक्के व्याजाने परत. आदेश झाला म्हणजे पैसे आले असं समजू नका. खात्याने आठ महिने फाइल दाबून ठेवली. शेवटी कोर्टाचा आदेश पाळला नाही म्हणून अवमानना याचिका लावली, तिची नोटीस निघाली आणि पंधरा दिवसांत रक्कम खात्यात जमा. म्हणून वकिलाशी बोलताना पहिल्याच दिवशी विचारून ठेवा की अवमाननेचे वेगळे किती घेणार.

दोन गोष्टी लगेच करा. माहितीच्या अधिकारात १० रुपयांचा अर्ज लावून पूर्ण सेवा पुस्तिकेची प्रमाणित प्रत मागा आणि तिच्याबरोबर वसुलीच्या फाइलची नोटशीटही (फाइलीवर अधिकाऱ्यांनी लिहिलेले शेरे) मागा. लोक पुस्तिका मागतात आणि नोटशीट विसरतात. खरी गोष्ट नोटशीटमध्ये असते. माझ्या नोटशीटमध्ये एका अधीक्षकाने स्वच्छ लिहिलं होतं की चूक कार्यालयाची आहे, कर्मचाऱ्याचा दोष नाही. ते एक वाक्य वकिलाने कोर्टाला वाचून दाखवलं. दुसरं, आता कोणी कुठल्याही कागदावर 'औपचारिकता आहे' म्हणून सही मागितली तर करू नका, घरी आणा, वाचा.

आणि आपली महागाई सवलत, म्हणजे पेन्शनवरचा महागाई भत्ता. तुम्हाला ठाऊक आहेच. मध्य प्रदेशातून छत्तीसगड वेगळं करणाऱ्या २००० च्या पुनर्गठन कायद्याचं कलम ४९ पुढे करतात, छत्तीसगडची संमती आली की मग आदेश. कर्मचाऱ्यांना वाढ मिळते त्या महिन्यात पेन्शनरला मिळत नाही. यावर कधी स्वतंत्र चर्चा काढू, तुमच्या धाग्यात घुसडत नाही.


मल्हारगंज_७८ (इंदूर)

काकू, मनापासून वाईट वाटलं, पण एक वेगळी बाजू मांडतो. रागावू नका. जास्त पैसे मिळाले होते हे तर खरं ना? ते सरकारी तिजोरीतले, म्हणजे सगळ्यांचे. बँकेने चुकून माझ्या खात्यात दोन लाख टाकले तर मला परत करावेच लागतील. शिवाय तुम्ही स्वतः स्थापना शाखेत होतात. दुसऱ्यांच्या पुस्तिका इतक्या बारकाईने बघणाऱ्या माणसाला स्वतःच्या पुस्तिकेतली चूक दिसली नाही, हे कोर्टात समोरचा वकील विचारणारच. तो विचारण्याआधी मी विचारतो इतकंच.


निवृत्त_सहायक

रागावले नाही. हा प्रश्न मला पहिल्यांदा तुम्ही विचारलेला नाही, मी स्वतःला विचारला आहे, बऱ्याच रात्री.

समयमानाचा आदेश जानेवारी २००८ चा. आमच्या कार्यालयात वेतन निश्चिती झाली त्याच वर्षी पावसाळ्यात. तेव्हा मी आवक-जावक शाखेत होते, टपालाचे नंबर टाकत होते. स्थापना शाखेत मी २०११ ला आले. आणि स्थापनेतल्या माणसाची स्वतःची पुस्तिका त्याच्या हाती देत नाहीत, ती दुसऱ्या सहायकाकडे असते, हे कुठल्याही कार्यालयात विचारून बघा. वर्षातून एकदा सही करायला समोर यायची. पान उघडलेलं, बोट ठेवलेलं, सही करायची, पुस्तिका परत. २०११ नंतर एखाद्या वर्षी मी मागची चार पानं उलटली असती तर? उलटली असती तर कदाचित दिसलं असतं. ते मी नाकारत नाही. पण निश्चितीचा तक्ता कार्यालयाने केला, लेखा शाखेने तपासला, वर शिक्का पडला. मी एकही खोटा कागद दिला नव्हता, काही लपवलं नव्हतं, मागितलंही नव्हतं.

बँकेचं उदाहरण मला पटत नाही. बँक तुम्हाला दुसऱ्या दिवशी फोन करते. पंधरा वर्षांनी, तुमचा पगार बंद झाल्यावर, व्याजासकट मागत नाही. महिन्याला हजार रुपये जास्त आले असतील तर ते मुलाच्या कोचिंगला गेले, सासूबाईंच्या औषधाला गेले. एका पगारावर घर चालत होतं. मला माहीत असतं की हे माझे नाहीत, तर मी दुसरी व्यवस्था केली असती. कर्ज काढलं नसतं, किंवा काढलं असतं. माणूस पगार बघून आयुष्य आखतो.

मूळ रक्कम नोकरीत असतानाच हप्त्याने मागितली असती, तर मी कदाचित काही न बोलता दिली असती. व्याज कशाचं घेतलं, ते मला आजही कळलेलं नाही.


वकील_तुकोगंज (इंदूर)

ताई, सेवा प्रकरणं मी बरीच वर्षं बघते आहे. तुमचे कागद न बघता मत देणं बरोबर नाही, पण रस्ता कसा आहे ते सांगते.

आधी वसुलीबद्दल. सर्वोच्च न्यायालयाने १८ डिसेंबर २०१४ ला पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या प्रकरणात पाच प्रसंग सांगितले, ज्यात जास्त दिलेलं वेतन परत घेता येत नाही. तृतीय व चतुर्थ श्रेणीचा कर्मचारी असेल. निवृत्त झालेला असेल किंवा वर्षभरात होणार असेल. वसुलीच्या आदेशाआधी पाच वर्षांहून जास्त काळ ती रक्कम दिली जात असेल. वरच्या पदाचं काम चुकीने करून घेतलं असेल. किंवा एकंदरीत वसुली करणं अन्यायाचं, कठोर ठरत असेल. तुमच्या लिहिण्यावरून पहिले तीनही तुम्हाला लागू दिसतात. मल्हारगंजच्या भाऊंचा मुद्दा न्यायालयाने बघितलेलाच आहे. 'पैसे जास्त गेले' हे मान्य करूनच हा निकाल आहे. निवृत्त, छोट्या पगाराच्या माणसाकडून ते परत घेण्यातला अन्याय शासनाच्या वसुलीच्या हक्कापेक्षा मोठा, अशी ती मांडणी आहे.

आता वचनपत्र. इथे जरा थांबावं लागेल. २०१६ मध्ये जगदेव सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालय म्हणालं की वाढीव वेतन घेतानाच ज्याने 'जास्त निघालं तर परत करीन' असं लिहून दिलं आहे, तो त्याला बांधील. ते न्यायिक अधिकारी होते, तृतीय श्रेणी नव्हे, पण शासनाचे वकील हा निकाल प्रत्येक प्रकरणात दाखवतात. मग आपल्या हायकोर्टाच्या पूर्णपीठाकडे प्रश्न गेला आणि ६ मार्च २०२४ ला जगदीश प्रसाद दुबे प्रकरणात उत्तर आलं. थोडक्यात असं: वेतन निश्चितीचा लाभ देण्यापूर्वी स्वखुशीने दिलेलं वचनपत्र असेल तर त्यावरून वसुली होऊ शकते, पण निवृत्तीचे पैसे देताना, दशकांपूर्वीच्या निश्चितीसाठी लिहून घेतलेलं वचनपत्र लागू करता येत नाही. आणि सक्तीने घेतलेलं वचनपत्रही टिकत नाही. १९७६ च्या पेन्शन नियमांतले ६५ आणि ६६ हे नियमही शासन पुढे करतं, त्यावरही पूर्णपीठाने सांगितलं आहे की आठव्या प्रकरणातली सगळी प्रक्रिया पाळल्याशिवाय चालणार नाही आणि खूप आधी दिलेल्या वेतन सुधारणेसाठी नियम ६५ चा आधार नाही.

म्हणून तुमच्या प्रकरणात सगळं एका गोष्टीवर येऊन थांबतं: सही केव्हाची? २०२१ च्या जूनची की २००८-०९ ची? सहावं वेतनमान लागलं तेव्हा विकल्पाच्या फॉर्मबरोबर (नवं वेतनमान केव्हापासून घ्यायचं ते कळवण्याचा फॉर्म) एक छापील वचनपत्र सगळ्यांकडून भरून घेतलेलं असायचं. ते तुमच्या पुस्तिकेत चिकटवलेलं असेल तर शासन ते दाखवेल. ते सहाव्या वेतनमानाचं आहे, समयमानाचं नाही, असं आपल्याला म्हणता येईल, पण आधी माहीत पाहिजे. लेखापाल काकांनी सांगितलेला माहिती अधिकाराचा अर्ज म्हणूनच आज लावा.

उशिराबद्दल. चार वर्षं झाली म्हणून दार बंद होत नाही, पण प्रत्येक महिना मोजला जातो. लोक एक चूक करतात: खात्याला अर्ज, मग स्मरणपत्र, मग दुसरं स्मरणपत्र, आणि समजतात की मुदत जिवंत आहे. अर्ज देत राहिल्याने मुदत वाढत नाही, न्यायालयाने हे अनेकदा सांगितलं आहे. एक अभ्यावेदन (खात्याकडे लेखी म्हणणं) द्या, पोच घ्या, ठरावीक दिवस थांबा, मग याचिका. पतीच्या आजारपणाचे कागद, डायलिसिसच्या पावत्या, मृत्यूचा दाखला, सगळं जोडा. ते उशिराचं कारण आहे आणि खरं कारण आहे.

आता वेतनवाढ. ११ एप्रिल २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकच्या वीज पारेषण कंपनीच्या प्रकरणात ठरवलं की वर्षभर काम करून ३० जूनला निवृत्त झालेल्याला १ जुलैची वाढ पेन्शनच्या हिशोबासाठी मिळते. मग सगळीकडून मागच्या थकबाकीच्या याचिका आल्या, आणि २० फेब्रुवारी २०२५ ला न्यायालयाने सीमा आखून दिली: ज्यांनी आधी खटला केलाच नव्हता त्यांना वाढीव पेन्शन १ मे २०२३ पासून, त्याआधीची थकबाकी नाही. तुमची वाढ दीड हजाराच्या जवळपास असेल तर पेन्शन महिन्याला साधारण साडेसातशे आणि त्यावरची महागाई सवलत. दिसायला थोडं, पण आयुष्यभराचं.

दोन्ही मागण्या एका याचिकेत कोंबू नका. वेतनवाढीचा प्रश्न तुमचा आणि तिघी मैत्रिणींचा सारखाच आहे, तिथे एकत्र जाता येईल. पण तिथेही आधी खात्याला अर्ज देऊन बघा, बरेच ठिकाणी अर्जावर काम होतं आहे. वसुलीची याचिका मात्र तुमची एकटीची, कारण त्यातले कागद आणि तारखा तुमच्या आहेत. राज्याचं प्रशासकीय न्यायाधिकरण बंद झाल्यापासून आपल्याकडे ही प्रकरणं थेट हायकोर्टातच जातात, तेव्हा मधल्या कुठल्या पायरीवर वेळ जाणार नाही.

एक शेवटचं, जे पुष्कळ बायकांना कोणी सांगत नाही. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे महिलेला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, तिचं उत्पन्न कितीही असो. पेन्शन मिळते म्हणून नाही म्हणत नाहीत. एमजी रोडवर हायकोर्टातच विधी सेवा समितीचं कार्यालय आहे, नाहीतर १५१०० वर फोन करा. त्यांच्या यादीतले वकील कमी दर्जाचे असतात असं मनात आणू नका. मी स्वतः त्या यादीत काम केलं आहे.


लेक_उज्जैन

मावशी, फक्त एक सांगते. बाबांची अशीच याचिका इंदूरच्या खंडपीठात होती. निकालाआधी बाबा गेले. आम्हाला वाटलं, संपलं. वकिलांनी आईचं नाव वारस म्हणून लावलं आणि प्रकरण पुढे चाललं, रक्कम आईला मिळाली. म्हणून मुलाला सांगा की हे तुमच्याबरोबर संपत नाही. वारसाचे कागद, आधार, बँक पासबुकावरचं नाव, सगळं एकाच स्पेलिंगचं करून ठेवा. आईच्या नावातल्या एका अक्षरासाठी आम्ही तीन महिने घालवले.

बाबांना पैशाचं फार नव्हतं. त्यांना तो आदेश फाइलीतून जावा असं वाटायचं.


निवृत्त_सहायक (सहा आठवड्यांनी)

तुम्ही सगळ्यांनी इतकं लिहिलंत, म्हणून काय झालं ते कळवते.

गोदरेजच्या कपाटात निवृत्तीच्या कागदांचं जे पाकीट होतं ते पूर्ण उपसलं. वचनपत्राची माझी प्रत सापडली. तारीख २८ जून २०२१. छापील मजकूर, फक्त नाव आणि पद हाताने भरलेलं, आणि ते अक्षर माझंच. मी इतरांसाठी जो फॉर्म भरून घ्यायची तोच हा फॉर्म. निवृत्त होणाऱ्यांकडून सही घेताना मीही म्हणायची, "काही नाही हो, औपचारिकता आहे." त्यांच्यापैकी कोणाला या सहीने त्रास झाला असेल तर मला माहीत नाही, पण आता मी एकेकाला फोन करते आहे. आतापर्यंत सात जणांशी बोलले. दोघांची वसुली निघाली होती आणि दोघेही गप्प बसले होते. एक चौकीदार होते, त्यांच्या ६१,००० रुपयांच्या आदेशाचा कागदही त्यांच्याकडे नाही. त्यांच्यासाठी माहिती अधिकाराचा अर्ज मी लिहून दिला.

२००९ चं वचनपत्र माझ्याकडे नाही. पुस्तिकेत असेल तर दिसेलच. असलं तरी वकीलताई, तुम्ही म्हणालात तसं ते सहाव्या वेतनमानाचं असणार, हे मी आता समजून चालले आहे.

विधी सेवा समितीत गेले होते. रामबागेतून ई-रिक्षाने, फाइल पिशवीत घेऊन. पायऱ्या चढताना छाती धडधडत होती. नोकरीत असताना खात्याच्या बाजूने कागद घेऊन त्या आवारात कितीदा आले होते, शासनाच्या वकिलांना उत्तराचे मसुदे द्यायला. यावेळी दुसऱ्या बाजूने. खिडकीवरच्या मुलीने अर्ज नीट वाचला, आधार आणि वसुलीच्या आदेशाची प्रत घेतली, आणि विचारलं की याचिकेत काय मागायचं आहे. मी म्हटलं, आदेश रद्द व्हावा हे आधी लिहा, पैसे परत मिळावेत हे त्याच्या खाली. ती म्हणाली, वकिलांना सांगा, ते तसंच लिहितील. ज्यांच्याकडे प्रकरण दिलं आहे ते तरुण आहेत, पण त्यांनी पहिला प्रश्न नोटशीटचाच विचारला, तेव्हा मला बरं वाटलं.

अभ्यावेदन दिलं, पोच घेतली. ज्या टेबलावर दिलं तिथे माझ्या हाताखाली शिकलेला मुलगा बसतो. त्याने उठून खुर्ची दिली. पोचेवर शिक्का मारताना तो काही बोलला नाही, मीही नाही.

वेतनवाढीचा अर्ज आम्ही चौघींनी एकाच दिवशी दिला. त्यात कोर्टाच्या निकालाच्या तारखा वकीलताईंनी सांगितल्या तशाच घातल्या.

मुलाशी पुन्हा बोलले. त्याला उज्जैनच्या लेकीने लिहिलेलं वाचून दाखवलं. तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "दिवाळीला येतो तेव्हा फाइल स्कॅन करून देतो. बाबांच्या डायलिसिसच्या पावत्या माझ्याकडे आहेत." त्याने त्या जपून ठेवल्या होत्या हे मला माहीत नव्हतं.

सेवा पुस्तिका आणि नोटशीट मिळून १६० पानं निघाली आहेत, २ रुपये पानाप्रमाणे ३२० रुपये भरायला सांगितलं आहे. सोमवारी सकाळी भरून प्रती घेते. २००८ चं पान आणि २००९ चं वचनपत्र, दोन्ही बघून इथे लिहीन.